तेरा बायका आणि एक वाटी

जादूवर माझा विश्वास नाही, पण जादूच्या नियमांवर आहे. लहानपणी ऐकलेल्या गोष्टींत राक्षसाचा प्राण सात समुद्रांपलीकडच्या पोपटात असायचा, म्हणून तर ती गोष्ट झोप येईपर्यंत पुरायची. तो प्राण राक्षसाच्याच अंगात असता तर राजपुत्राचे काम पाच मिनिटांत आटोपले असते आणि आम्हांला नऊ वाजताच डोळे मिटावे लागले असते. ज्याला वाटेल ते करता येते अशा जादूगारात मला गोडी नाही. नियम हवेत, अटी हव्यात, कुठेतरी अर्ज तीन प्रतींत करावा लागला पाहिजे. चौतीस वर्षे सरकारी नोकरी केलेल्या माणसाचे हे मत आहे, हे वाचकांनी ध्यानात घ्यावे.

हे सगळे निघाले आमच्या नातीमुळे. गेल्या दिवाळीत ती चार दिवस राहायला आली, तेव्हा तिच्या बॅगेत कपडे दोन जोड होते आणि विटेएवढी पुस्तके तीन. चौकशी केल्यावर कळले की ही तीन म्हणजे नुसता नमुना. सबंध कादंबरी १४ खंडांची आहे. नाव 'द व्हील ऑफ टाइम'. लेखक रॉबर्ट जॉर्डन. हे टोपणनाव, खरे नाव जेम्स ऑलिव्हर रिग्नी, अमेरिकेतल्या साउथ कॅरोलायनामधल्या चार्ल्स्टनचा राहणारा. व्हिएतनामच्या युद्धात लढलेला, पदार्थविज्ञानाचा पदवीधर, पुढे नौदलाकडे अणुअभियंता.

"म्हणजे नोकरी चांगली होती की!" आमची ही म्हणाली. लेखनासाठी नोकरी सोडणाऱ्यांविषयी हिचे काय मत आहे ते मला लग्नाआधीपासून ठाऊक आहे. मी निवृत्त होईपर्यंत एक ओळ लिहिली नाही, ती काही उगाच नाही.

तर कालचक्र. नातीने समजावून सांगितले, की या गोष्टीत काळाचे एक चाक आहे, त्याला सात आरे आहेत, एकेक आरा म्हणजे एकेक युग. युगे जातात, पुन्हा येतात, आणि माणसेही पुन्हा पुन्हा जन्म घेतात.

"मग यात नवीन काय?" ही तांदूळ निवडता निवडता म्हणाली.

नातीने पुढचा पत्ता टाकला. या जगात एक शक्ती आहे, तिचे पाच धागे : पृथ्वी, पाणी, अग्नी, वायू आणि आत्मा. ते धागे विणायचे, की जादू होते. हिने मान वर केली. "आकाश कुठं गेलं?" भाजीवाल्याने कोथिंबीर टाकायची विसरल्यावर ज्या सुरात विचारतात, त्या सुरात तिने विचारले. पंचमहाभूतांतले एक कमी पडलेले तिला मुळीच खपले नाही.

मला मात्र गोष्ट आवडू लागली होती. त्या शक्तीचे दोन भाग आहेत, एक बायकांचा आणि एक पुरुषांचा. पुरुषांचा भाग फार पूर्वी नासला आहे, त्यामुळे जो पुरुष ही शक्ती वापरतो तो हळूहळू वेडा होतो. साहजिकच जादूचा कारभार सारा बायकांच्या हाती. त्या बायकांना म्हणायचे 'आइझ सेडाय'. मी पहिल्यांदा ऐकले ते 'आई सेडाय', आणि 'सेडाय' हे कुठल्या गावचे आडनाव याचा विचार करीत राहिलो. अर्थात त्यांचे वागणे पाहता माझे ऐकणे फारसे चुकले नव्हते. सगळ्यांना सगळे सांगायचे, स्वतःचे मनातले काही सांगायचे नाही आणि खोटे तर कधीच बोलायचे नाही, फक्त खरे अशा बेताने बोलायचे की ऐकणाऱ्याने आपण होऊन भलतेच समजावे. अशा दोन मामी आणि एक मावशी मला स्वतःला होत्या.

आता मुद्द्याचा नियम. या बायकांना आपापली मने एकमेकींशी जोडता येतात. नात त्याला 'लिंकिंग' म्हणते. मला आपला गोफ आठवला. शिमग्यात वरून लोंबणारे रंगीत पट्टे एकेकाच्या हातात देऊन नाचता नाचता त्यांची वेणी घालतात, तो. असा गोफ जमला म्हणजे साऱ्याजणींची शक्ती एकत्र होते आणि ती एकीच्या हाती येते. विणायचे ते त्या एकीने. बाकीच्यांनी आपली शक्ती तिच्या ओंजळीत घालायची आणि गप्प बसायचे. गोफात असेतोवर त्यांना स्वतःचे म्हणून काडीही हलवता येत नाही. मात्र एकमेकींचे सारे कळते. एकीचे डोके दुखले, एक घाबरली, एक चिडली, की ते सगळ्यांना जाणवते.

"एकत्र कुटुंबात जादूशिवाय कळायचं," ही म्हणाली. "थोरल्या जाऊबाईंचं डोकं दुखायला लागलं, की आम्हा चौघींना आधी समजायचं. त्यांना मागून."

गोफात नुसत्या बायका किती चालतात? तर १३. चौदावी आली की गोफ जमत नाही. तिला घ्यायचे असेल तर एक पुरुष घ्यावा लागतो. हा नियम ऐकून हिने तांदळाचे ताट बाजूला ठेवले. "कशाला? सतरंजी उचलायला?" नातीकडे याचे उत्तर नव्हते. लेखकाने ते दिले असेल तर अजून न वाचलेल्या खंडांत असेल. पुरुष वाढवत नेले तर गोफ थेट ७२ जणांपर्यंत जातो. बहात्तर म्हणजे छत्तीसच्या दुप्पट, हे माझ्या लगेच लक्षात आले. म्हणजे दोन लग्नांतले सगळेच्या सगळे गुण जुळावे लागणार. आमच्या पत्रिकेत साडेएकवीस जुळले होते आणि तेवढ्यावर आम्ही पन्नाशीपर्यंत येऊन पोचलो आहोत, ही गोष्ट वेगळी.

पण साऱ्या नियमांत मला जो मनापासून पटला, तो असा की पुरुषांना आपापसांत गोफ बांधताच येत नाही. कितीही पुरुष एकत्र आणा, एक बाई येऊन सुरुवात करून देईपर्यंत त्यांची मने जुळत नाहीत. जॉर्डनबद्दलचा माझा आदर इथे एकदम दुणावला. या माणसाने आमच्या सोसायटीची कमिटी पाहिली असली पाहिजे. नऊ सभासद, नऊही पुरुष, नऊही शिकलेले. गच्चीवरच्या टाकीला कोणता रंग द्यावा हा विषय आमच्यापुढे तीन वर्षे होता. पहिल्या वर्षी निळा ठरला. दुसऱ्या वर्षी निळ्याला हरकत घेणारे गृहस्थ अध्यक्ष झाले. तिसऱ्या वर्षी असे निघाले, की टाकीच बदलायची असल्याने रंगाचा प्रश्न उद्भवत नाही. आणि नवी प्लास्टिकची टाकी आली ती काळी. सभेच्या इतिवृत्तात 'सर्वानुमते काळा रंग पसंत करण्यात आला' अशी नोंद आहे. ती मीच लिहिली आहे. तिच्यात खोटे काही नाही, आइझ सेडायसारखे खरे आहे. त्याच तीन वर्षांत आमच्या इमारतीतल्या बायकांनी भिशी चालवली, तिच्यातून दोघींच्या मुलींची कॉलेजची फी भरली, एका घरच्या आजारपणात महिनाभर आळीपाळीने डबे पोचवले, आणि या कशाचेही इतिवृत्त नाही. त्या किती जणी आहेत, हे मी त्या दिवशी बोटांवर मोजले. बाराच भरल्या. अजून एक चालेल.

यावर कोणी म्हणेल, की तेराजणी एकत्र आल्या म्हणजे तेरापट जोर. इथेच जॉर्डन पदार्थविज्ञानाचा पदवीधर शोभतो. त्याच्या हिशेबात गोफाची शक्ती ही त्यातल्या माणसांच्या शक्तीच्या बेरजेपेक्षा कमीच भरते. जोडण्यात काही तरी सांडते. सांडायचेच, पाच जणांनी मिळून पलंग हलवला तर दोन जणांचा जोर एकमेकांना 'जरा थांबा हो' म्हणण्यात जातो. मग गोफ बांधायचा कशाला? तर शक्ती कमी भरली तरी काम फार नाजूक करता येते. एकटीला जे ओबडधोबड ढकलावे लागले असते, ते तेराजणींच्या गोफाला अगदी हलक्या हाताने, सुईच्या टोकाने करता येते.

हे वाक्य नातीने सहज म्हटले आणि ती पुढे गेली. मी मात्र तिथेच राहिलो. ते का, हे थोडे पुढे सांगतो.

या तेराजणींचा सगळ्यात मोठा प्रयोग आठव्या खंडात येतो. तो १९९८ साली निघाला. साऱ्या जगात उन्हाळा ठाण मांडून बसला आहे, ऋतू बदलायला तयार नाही. हे सैतानाचे काम. अशा वेळी एक जुने स्फटिकाचे वाडगे सापडते आणि त्या वाडग्याभोवती १३ बायका गोफ बांधून हवा पालटायला बसतात. त्यांत दर्यावर्दी लोकांतल्या बायका आहेत, त्यांचा वाऱ्यापावसाचा अभ्यास पिढ्यान् पिढ्यांचा. म्हणून पुढारीपण त्यांच्यातल्या एकीकडे. शिकलेल्या, नावाजलेल्या, कुणापुढे मान न तुकवणाऱ्या बायकांनी आपली शक्ती या समुद्रावरच्या बाईच्या हाती देऊन बसायचे. त्याआधी वाटाघाटी, अटी, करारमदार असे झडतात, की आपल्याकडची लग्नाची बैठक बरी. पण शेवटी त्या बसतात. आणि हवा पालटते. ती इतकी पालटते, की मागाहून हाडे गोठवणारा हिवाळा पडतो. पावसासाठी देव पाण्यात बुडवून ठेवणाऱ्या आणि नंतर पूर आल्यावर त्यालाच बाहेर काढून कोरडा करणाऱ्या आपल्या गावांना हा प्रसंग परका वाटू नये.

लेखकाच्या बाबतीतही पुढे तेच झाले. पहिला खंड १९९० साली आला. २००७ साली जॉर्डन वारला, तेव्हा कथा पुरी व्हायची होती. त्याची बायको हॅरिएट मॅकडूगल ही त्याच्या पुस्तकांची संपादकही. तिने ब्रँडन सँडर्सन नावाच्या एका तरुण लेखकाला बोलावून नवऱ्याची टिपणे त्याच्या हाती दिली. त्याने त्यांतून तीन खंड उभे केले आणि शेवटचा २०१३ साली निघाला. गेलेला एक, राहिलेली एक आणि बाहेरून आलेला एक. गोफ कुणी बांधला? बाईने. नियमाला धरूनच झाले म्हणायचे.

"आबा," नातीने विचारले, "पण खरंच अशी मनं जुळली तर कसं वाटत असेल?"

"वाटत काही नाही," मी म्हणालो. "बोट जरा गार पडतं."

मग मला वाटीची गोष्ट सांगावी लागली.

आमच्या लहानपणी, म्हणजे १९६४ च्या सुमारास, कल्याणला आमच्या वाड्यात प्लँचेटची साथ आली. साथच म्हणायची, कारण ती गोवरासारखी एका घरातून दुसऱ्या घरात जायची. प्लँचेट म्हणजे फ्रेंच भाषेत छोटी फळी. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला ही फळी युरोपात निघाली, अमेरिकेत १८९१ साली अक्षरे लिहिलेल्या पाटाचे पेटंट घेतले गेले. खुद्द रवींद्रनाथ ठाकूर १९२९ साली प्लँचेटला बसत होते. तेव्हा कल्याणच्या आम्ही का बसू नये? आमच्याकडे फळी नव्हती. फुलस्केप कागदावर गोलाकार अक्षरे लिहायची, एका बाजूला 'हो', दुसऱ्या बाजूला 'नाही', मध्ये आमटीची वाटी पालथी घालायची. उदबत्ती लावायची, वाटीची कड जराशी उचलून आत्म्याला आत घ्यायचे आणि प्रत्येकाने तर्जनी वाटीवर टेकायची. नुसती टेकायची, दाबायची नाही. यात पुढारी कुणी नसे. अर्थात धाकटे नानाकाका स्वतःला पुढारी समजत.

आमच्या कागदाची एक अडचण होती. मराठी वर्णमाला मोठी आणि फुलस्केप लहान, त्यामुळे त्यावर नुसती व्यंजने मावली. काना, मात्रा, वेलांटी, उकार यांना जागा नव्हती. ते बसणाऱ्यांनी आपल्या मनाने भरायचे. त्यामुळे आत्मे जे सांगत त्याचा अर्थ लावण्यात निम्मी रात्र जाई. एकदा वाटी 'म', 'र', 'ल' अशी फिरली. नानाकाकांना तो कुणाच्या तरी खुनाचा पुरावा वाटला. ते 'मारला' वाचून पांढरेफटक झाले. शेजारचे पोस्टमास्तर म्हणाले 'मरेल', आणि कोण मरेल याची चिंता करीत त्यांनी स्वतःच्या छातीला हात लावला. आई शांतपणे म्हणाली, "मुरलं. लोणचं मुरलं का ते मी मघापासून मनात विचारत होते." दुसऱ्या दिवशी बरणी उघडली. लोणचे मुरले होते.

शेक्सपिअरलाही बोलावून झाले. तो आला, मराठीत बोलला आणि तेही 'न' आणि 'ण' यांची गल्लत करून. नानाकाकांची हीच खोड होती, पण हे बोलून दाखवायची कुणाची छाती नव्हती. फक्त आमचे अण्णा सोडून.

अण्णा, म्हणजे माझे वडील, शाळेत विज्ञान शिकवायचे. त्यांचा आत्म्यावर विश्वास नव्हता. मात्र फॅरडेवर होता. लंडनमध्ये टेबले फिरवण्याचे खूळ निघाले तेव्हा मायकेल फॅरडेने १८५३ साली त्याची परीक्षा घेतली, हे त्यांनी आम्हांला इतक्या वेळा सांगितले होते, की फॅरडे हे आमच्याच नात्यातले कुणी असावेत असे मला वाटे. टेबलाभोवती बसणारे शपथेवर सांगत, की आम्ही ढकलत नाही, टेबलच आमचे हात ओढते. फॅरडेने काय केले, तर हात आणि टेबल यांच्यामध्ये पुठ्ठ्यांची चळत ठेवली, पुठ्ठ्यापुठ्ठ्यांत मऊ, चिकट डिंकासारखे मिश्रण. टेबल जर हातांना ओढत असेल तर खालचा पुठ्ठा आधी सरकेल. हात जर टेबलाला ढकलत असतील तर वरचा. वरचा सरकला. मग त्याने एक काडी लावून ठेवली. हात जरा ढकलू लागला की काडी कलणार आणि बसणाऱ्यांना ते समोर दिसणार. तशी ती काडी दिसू लागली, आणि टेबल फिरायचे थांबले.

"लक्षात घ्या," अण्णा बोट वर करून सांगायचे, "ते लोक लबाड नव्हते. फॅरडेही तसं म्हणत नाही. हात ढकलतो आणि हाताच्या मालकाला पत्ता नसतो. कार्पेंटर नावाच्या डॉक्टरनं त्याच्या आदल्याच वर्षी याला नाव दिलंय, आयडिओमोटर. मनात आलेलं बोटात उतरतं, मधे विचारायला थांबत नाही."

आमच्या वाटीसाठी अण्णांनी असाच सरंजाम केला होता. जुन्या पोस्टकार्डांचे तुकडे आणि मधे मेणबत्तीचे मेण, उदबत्तीच्या धगीवर मऊ केलेले. ते पुठ्ठे बोटाखाली ठेवले की आत्मे यायचेच नाहीत. नानाकाका म्हणत, मेणाचा वास त्यांना सोसत नाही. शेवटी तह झाला. अण्णांनी आठवड्यातून एक दिवस पुठ्ठे लावायचे, बाकीचे दिवस गप्प बसायचे. ते बाकीच्या दिवशी खुर्चीत वर्तमानपत्र उघडून बसत आणि वाटी जरा जास्त हलली की वर्तमानपत्रामागून खाकरत.

त्या वर्षी चैत्रात आमची माईआत्या आमच्याकडे राहायला आली. यापुढची गोष्ट मी नातीला जरा भराभर सांगितली. माईआत्याचे यजमान फोर्टात एका कचेरीत होते, रोज लोकलने जात. एके दिवशी संध्याकाळी परतताना गाडीतच त्यांच्या छातीत कळ आली आणि ठाण्याच्या पुढे सगळे संपले. घड्याळ, पाकीट, चष्मा, सारे घरी आले. डबा मात्र आला नाही. त्या गर्दीत तीन पुडांचा पितळी डबा कुठे गेला, कुणाला कळले नाही.

त्या दिवशी सकाळी डब्यावरून त्यांचे वाजले होते. डब्यात पडवळ, लागोपाठ तिसऱ्या दिवशी. "हा डबा मी खाडीत टाकणार," असे म्हणून ते जिना उतरले होते. आत्या यातले कुणाला काही बोलली नव्हती. बोलायची ती फक्त आईशी, आणि तेही एकदाच, रात्री भांडी घासताना. पण वाड्याच्या भिंती पातळ असतात आणि नळ एकच असतो. आठ दिवसांत सगळ्यांना ठाऊक झाले होते, आणि आपल्याला ठाऊक आहे हे प्रत्येक जण दुसऱ्यापासून लपवीत होता.

आत्या दोन महिने नीट जेवत नव्हती. पडवळ तर आमच्या घरातून हद्दपारच झाले होते.

एका रात्री वाटी बसली असताना ती स्वयंपाकघरातून बाहेर आली. पदराला हात पुसत उभी राहिली. "मी विचारू एक?" म्हणाली. नानाकाकांनी तिला जागा दिली. त्या दिवशी वाटीवर बोटे पाच होती : नानाकाका, पोस्टमास्तर, आई, नळावरून आईशी वर्षभर न बोलणाऱ्या खालच्या मजल्यावरच्या काकू आणि मी. मी तेव्हा अकरा वर्षांचा. आत्याने स्वतः बोट ठेवले नाही. हात मांडीवर घेऊन बसली आणि अगदी रोजच्या आवाजात, डब्यातली भाजी पुरली का असे विचारावे तसे तिने विचारले, "डबा खाल्ला होतात का?"

वाटी हलेना. एरवी नानाकाकांचे बोट ठेवल्याबरोबर सुटणारी वाटी, पण जागची हलेना. माझे बोट गार पडले होते. अण्णांच्या खुर्चीचा आवाज झाला. मला वाटले, आता पुठ्ठे आणणार. ते उठले, वर्तमानपत्राची घडी केली, आमच्यात येऊन बसले आणि त्यांनी आपली तर्जनी वाटीवर ठेवली.

ती हलली. इतके दिवस कागदावर वेड्यावाकड्या घिरट्या घालणारी ती वाटी कड न घासता, आवाज न करता 'हो'वर गेली आणि थांबली. कुणी हूं की चूं केले नाही. मग ती पुन्हा निघाली. 'स'वर गेली, 'ग'वर गेली, 'ळ'वर जाऊन थांबली.

काना आत्याने दिला. "सगळा?" म्हणाली. मग स्वतःशीच, "सगळा."

खालच्या काकूंनी पदर डोळ्यांना लावला आणि तो तसाच आईच्या पुढे केला. पोस्टमास्तर उदबत्तीची राख नीट करू लागले. नानाकाका, ज्यांना दर आत्म्याला निरोप देताना पाच मिनिटांचे भाषण करायची सवय होती, ते काहीच बोलले नाहीत.

"मग ढकललं कुणी?" नातीने विचारले. इंजिनिअरिंगला आहे, ती हे विचारणारच.

मी माझ्या बोटाविषयी सांगू शकतो, ते टेकलेले होते. पुढे कॉलेजात असताना मी अण्णांनाही विचारून पाहिले होते. ते म्हणाले, "फॅरडे वाच." मग जरा वेळाने म्हणाले, "सहा बोटं होती. त्यात तुझं लहान."

आत्याने वाटी उचलली, उलटी सुलटी करून पाहिली आणि मोरीत नेऊन राखेने घासली. घासताना तिने आतूनच हाक मारून मला विचारले, "काय रे, तुला उद्या शाळेत डब्यात काय देऊ?"

मी म्हणालो, "काहीही."

"काहीही नावाची भाजी नसते," ती म्हणाली.